उन्हाळ कांदा व घरचे उळे
(मंडळाच्या वार्षिक संमेलनात केलेले भाषण)



गुणवंत विद्यार्थ्यांचा सत्कार आणि वधूवर-परिचय या दोन महत्त्वाच्या कार्यक्रमांच्या मध्ये चालकांनी कांद्यास अर्धा तास दिला, याबद्दल प्रथम त्यांचे आभार मानतो. आपण माळी. अरणच्या सावतामहाराजांनी आपल्या मळ्यातील भाजीपाल्यातच विठ्ठल पाहिला, आणि जोतीरावांनी १८८३ साली ‘शेतकऱ्याचा असूड’ पुरा करताना शेतकऱ्याच्या दैन्याबरोबर शेतीच्या सुधारणेचाही विचार मांडला. तेव्हा या व्यासपीठावर कांद्याविषयी बोलण्यात आम्हांस संकोच वाटत नाही. संकोच वाटतो तो वेगळ्याच कारणाने; कारण आज जे सांगावयाचे आहे त्यातील निम्मे आमच्या हातून घडलेल्या चुकीचे कथन आहे.

आपल्यापैकी पुष्कळ कुटुंबे आता पुणे, मुंबई, नाशिक या शहरांत नोकरीनिमित्त स्थायिक झाली आहेत. सुट्टीत गावी आली म्हणजे त्यांचा एक ठराविक प्रश्न असतो : वैशाखात मातीमोल विकला जाणारा कांदा भाद्रपदात डोळ्यांत पाणी का आणतो? व्यापारी, सरकार, पाऊस अशी तीन उत्तरे ठरलेली आहेत आणि तिन्हींत थोडेथोडे तथ्यही आहे. परंतु चौथे एक उत्तर आहे, ते मागील वर्षीच्या शरद ऋतूत, आपल्याच वाफ्यात पडलेले असते.

नाशिक-नगरकडे कांद्याची तीन पिके निघतात. पावसाळी लाल कांदा दिवाळीच्या सुमारास बाजारात येऊ लागतो. त्यामागून रांगडा, तो पौष-माघात निघतो. तिसरा उन्हाळ कांदा. त्याचे बी दसरा-दिवाळीच्या सुमारास पडते, लागण मार्गशीर्ष-पौषात होते आणि काढणी चैत्रात. पहिले दोन कांदे टिकत नाहीत. काढावे आणि विकावे. टिकतो तो एकटा उन्हाळ. देशातील एकंदर कांद्याच्या तीन हिश्शांपैकी सुमारे दोन हिस्से या उन्हाळी पिकाचे असतात आणि वैशाखापासून आश्विनापर्यंत सारा देश तोच कांदा खातो. मध्यंतरी नवे पीक नाही. तेव्हा भाद्रपदात आपल्या टोपलीत काय असेल, हे आदल्या वर्षीच्या आश्विन-कार्तिकात कोणी कोणते बी कोणत्या तिथीस टाकले यावर बरेच अवलंबून असते.

येथे एक गंमत सांगितल्यावाचून राहवत नाही. आषाढ शुद्ध नवमीस, कांदेनवमीस, आपल्या घरी कांद्याची भजी, थालीपिठे होतात आणि मग माळकरी मंडळी कार्तिकी एकादशीपर्यंत कांद्यास शिवत नाहीत. म्हणजे ज्या महिन्यात कांदा ताटात नाही, नेमक्या त्याच महिन्यात तो वाफ्यात जातो. आमचे वडील म्हणत की हा योग चांगला. खाण्याची इच्छा नसताना पेरलेल्या मालाकडे माणूस निर्लोभ दृष्टीने पाहतो. त्यांचे म्हणणे खरे असते तर पुढील प्रसंग आमच्यावर आला नसता.

आपल्या भागात कांद्याच्या बियास उळे म्हणतात, हे शहरवासी नव्या पिढीसाठी सांगून ठेवतो. उळे काळे व त्रिकोणी. एका ग्रॅममध्ये सुमारे अडीचशे ते तीनशे दाणे भरतात; म्हणजे एका किलोत अडीच-तीन लाख. आता लागणीचा हिशोब पाहा. दोन ओळींत पंधरा सेंटिमीटर आणि दोन रोपांत दहा सेंटिमीटर अंतर धरले तर एका एकरात सुमारे दोन लाख सत्तर हजार रोपे बसतात. वरंबे व पाट वजा जाता त्याहूनही कमी. याचा अर्थ, दाण्यादाण्याचे रोप झाले तर एकरास एक किलो उळे पुरावे! प्रत्यक्षात आपण तीन किलो टाकतो, चार टाकणारेही आहेत. मग बाकीचे दोन-तीन किलो जातात कोठे? काही उगवतच नाहीत, काही मातीच्या पापुद्र्याखाली गुदमरतात, काही रोपे उगवून बुडाशी कुजून कोलमडतात, आणि दाट पेरामुळे काही इतकी लुकडी निघतात की लागणीच्या दिवशी बायका ती उचलून बांधावर टाकतात. बियाच्या वाढत्या किमतीविषयी आपण तावातावाने बोलतो. परंतु घेतलेल्या बियापैकी निम्म्याहून अधिक आपण स्वतःच गमावतो, हे कोणी बोलत नाही.

म्हणून वाफ्याविषयी थोडे सविस्तर सांगतो. रोपवाटिकेस जमीन उंचावरची, पाणी न साठणारी असावी. एकराच्या लागणीस चार गुंठे रोप पुरे होते. वाफा सपाट न करता गादीवाफा करावा : रुंदी एक मीटर, उंची अर्धा वीत, लांबी सोयीप्रमाणे. हात दोन्ही बाजूंनी मध्यापर्यंत पोहोचला पाहिजे. एवढ्याचसाठी ही एक मीटरची मर्यादा आहे, म्हणजे निंदताना कोणी वाफ्यात पाय देत नाही. चाळलेले शेणखत मातीत मिसळून घ्यावे. बी फोकून न देता, चार बोटांच्या अंतराने आडव्या रेघा ओढून त्यांत पातळ पेरावे आणि एक-दीड सेंटिमीटरहून खोल जाऊ देऊ नये. पेरण्यापूर्वी किलोस तीन ग्रॅम थायरम चोळावे. वरून पुन्हा चाळलेल्या खताचा पातळ थर द्यावा आणि उगवण होईपर्यंत झारीने पाणी घालावे. पाटाचे पाणी एकदम सोडले की उळे वाहून एका कोपऱ्यात जमते आणि तेथे केसांसारखी रोपे उगवतात.

पावसाळी रोप सहा-सात आठवड्यांत तयार होते. थंडीतले रोप आठ आठवडे घेते. कार्तिकात टाकलेले उळे पौषात लावणीस येते, हा आपल्या वाडवडिलांचा हिशोब बरोबर आहे. खत, पाणी व फवारणी यांविषयी कृषी विद्यापीठाच्या पुस्तिका सर्वत्र मिळतात, त्यांची पुनरुक्ती करीत नाही. एवढेच सांगतो की, लागणीपासून दोन महिने झाल्यावर युरियाची मूठ उचलू नये. उशिराच्या नत्राने कांदा दिसावयास मोठा होतो, पण त्याची मान जाड राहते, आणि जाड मानेचा कांदा चाळीत प्रथम सडतो. पात हिरवीगार दिसावी या हौसेपायी आपण सहा महिन्यांची साठवण घालवून बसतो.

आता तिथीचा प्रश्न. बी थोडे लवकर टाकले तर कांदा लवकर निघेल आणि चार पैसे अधिक मिळतील, हा मोह प्रत्येकास होतो. उन्हाळ्याचे वाण भाद्रपदात टाकणारे शेतकरी आम्ही पाहिले आहेत. त्यांच्या शेतात माघात जे दिसते त्यास आपण डेंगळे म्हणतो : गड्डा धरण्याऐवजी रोपातून जाड, पोकळ दांडा वर येतो आणि त्यास गोंडा लागतो. असे का होते? कांदा हे मूळचे दोन वर्षांचे झाड आहे. पहिल्या वर्षी ते गड्डा करते, हिवाळा काढते आणि दुसऱ्या वर्षी फुलते. हिवाळा गेला की नाही हे त्यास थंडीवरून कळते. रोप कोवळे, काडीसारखे असेल तर थंडी त्याच्या अंगास लागत नाही. परंतु ते जाड होऊन बसले आणि त्यावर काही आठवडे कडाक्याची थंडी पडली, तर त्यास वाटते की वर्ष सरले, आता फुलावयास हवे. आणि आपल्या निफाडचा पारा हिवाळ्यात कधी कधी पाच अंशांच्याही खाली उतरतो, हे आपणांस ठाऊकच आहे. भाद्रपदात टाकलेले रोप पौषाच्या थंडीपर्यंत जाड झालेले असते. कार्तिकात टाकलेले कोवळे असते आणि निभावते. रांगड्यात डेंगळे आणि जोडकांदे अधिक निघतात त्याचेही हेच एक मोठे कारण.

तसाच दिवसाच्या लांबीचाही प्रश्न आहे. आपल्या वाणांस गड्डा धरावयास अकरा-बारा तासांचा दिवस आणि चढती ऊब पुरते. माघ-फाल्गुनात ती मिळते. आमच्या एका आप्तांनी इंग्लंडहून कौतुकाने उळ्याचे एक पाकीट आणले होते. तिकडे ऑगस्टमध्ये बी टाकून, हिवाळाभर रोपे शेतात ठेवून, जून-जुलैत कांदा काढण्याची रीत आहे असे त्यांनी सांगितले. आम्ही पाकीट पेरले. पात अशी जोमदार आली की शेजारी पाहावयास आले. गड्डा मात्र धरला नाही. त्या वाणास तिकडचा लांब उन्हाळी दिवस हवा, तो आमच्या वाफ्यात कोठून आणावा? पातीची भाजी मात्र उत्तम झाली. बी देशोदेशीचे असते, ते ज्या मातीत आणि ज्या उजेडात वाढले तेथलेच असते, हे तेव्हा आम्हांस नीट उमगले.

आणि म्हणूनच आता घरच्या बियाच्या मुख्य विषयाकडे वळतो.

आमच्या घरी उळे कधी विकत आणले जात नसे. ते काम आमच्या मातोश्रींचे होते. चैत्रात काढणी चालली असता त्या शेतात फिरत आणि जेथे माना बारीक, एकाच वेळी पडलेल्या, गड्डा गोल व एकसारखा, तेथील कांदे वेगळे काढवून घेत. फार मोठा कांदा त्या कधीच निवडीत नसत. मध्यम, लिंबाहून मोठा आणि मुठीत मावणारा एवढाच. असे दोन-तीन पोती कांदे पात वाळवून, एक इंच मान ठेवून कापून, चाळीच्या एका कोपऱ्यात वेगळे राहत. सहा महिने त्यांस कोणी हात लावावयाचा नाही. दसऱ्यानंतर त्या कोपऱ्यासमोर बसून त्या एकेक कांदा पाहत. सडलेला गेला, कोंब आलेला गेला, नरम पडलेला गेला, साल सुटलेला गेला. दोन-तीन पोत्यांतून एक पोते उरे. त्यांचे म्हणणे असे की ही निवड आपली नव्हे, चाळीने केलेली आहे. जो कांदा स्वतः आश्विनापर्यंत टिकला त्याचीच लेकरे टिकतील. पुढे राजगुरुनगरच्या कांदा व लसूण संशोधन संचालनालयातील आणि पिंपळगाव बसवंतच्या कांदा संशोधन केंद्रातील तज्ज्ञांची व्याख्याने ऐकण्याचा योग आला, तेव्हा बियाणे निवडीचे तत्त्व त्यांनीही याहून फारसे निराळे सांगितले नाही.

निवडलेल्या कांद्याचा वरचा तिसरा भाग विळीने कापून आत एकच डोळा आहे की अनेक, ते पाहावयाचे. अनेक डोळ्यांचा टाकून द्यावयाचा, कारण त्यातून जोडकांद्याची वाण पुढे चालते. उरलेले कांदे कार्तिकात दीड-दोन फुटांच्या ओळींत लावावयाचे. माघात गोंडे फुलतात, चैत्र-वैशाखात बी पिकते. सारे गोंडे एकदम पिकत नाहीत. गोंड्यात काळे दाणे डोकावू लागले की तेवढेच गोंडे सकाळच्या दंवात कापावे. दुपारी कापले तर अर्धे बी जमिनीवर. असे तीन-चार वेळा जावे लागते. मग वाळवणे, चोळणे, पाखडणे आणि घट्ट झाकणाच्या डब्यात कोरडे ठेवणे. हे सारे काम एका गुंठ्याचे. एका गुंठ्यास पंचवीस-तीस किलो कांदा पुरतो आणि बरे साधले तर सात-आठ किलो उळे मिळते. दोन-अडीच एकरांचे बी झाले. परंतु ते त्याच वर्षी वापरावे. उळ्याइतके लवकर मरणारे बी भाजीपाल्यात क्वचितच असेल. साध्या डब्यात दुसरा पावसाळा काढला की उगवण झपाट्याने खाली येते.

२०१३ साली भाद्रपद-आश्विनात कांद्याचा भाव चढत चालला होता. आमची चाळ तोपर्यंत बहुतेक रिकामी झालेली. कोपऱ्यात बियाचे एक पोते होते. वडील आदल्या वर्षी वारले होते. व्यवहार आमच्या हाती नवा आलेला. ट्रॅक्टर लासलगावास निघाला तेव्हा आम्ही ते पोतेही त्यात टाकण्यास गड्यास सांगितले. मातोश्री ओट्यावर होत्या. त्या एवढेच म्हणाल्या, ‘‘अरे, ते बियाचं पोतं आहे. भाव रोज येईल, बी नाही यायचं.’’ आम्ही हसलो. त्या पोत्याचे दोन-सव्वादोन हजार रुपये आले. घरी परतताना आम्हांस आपण मोठे व्यवहारचतुर आहोत असे वाटत होते, हे कबूल करतो.

त्या कार्तिकात लावावयास कांदे नव्हते. २०१४च्या फाल्गुनात जिल्ह्यात गारपीट झाली आणि पुष्कळांचे गोंडे झोडपले गेले, तेव्हा उसने उळे मागावयास जागा राहिली नाही. आमच्या शिवारात गार चुकली होती. उभ्या पिकात नेहमीप्रमाणे काही डेंगळे आले होते. त्यांस गोंडेही भरघोस. आम्हांस युक्ति सुचली की फुकटचे बी उभे आहे, तेच धरावे. कांदा निवडणे नको, चाळ नको, कापून डोळा पाहणे नको. वर्षाचे काम वाचले! मातोश्रींनी त्या वेळी आम्हांस विरोधही केला नाही. त्या नुसत्या पाहत राहिल्या, आणि ते आम्हांस अधिक लागायला हवे होते.

ही चूक आजही घरोघर होते, म्हणून तिचे कारण नीट समजून घ्या. जे झाड पहिल्याच वर्षी फुलले, त्याच्या अंगी घाईने फुलण्याचा गुण आहे. त्याचेच बी धरणे म्हणजे डेंगळ्यांची पैदास करणे. शिवाय ते झाड चाळीत राहिलेले नाही. ते टिकते की नाही याची परीक्षाच झालेली नाही. आम्ही जाणूनबुजून शेतातील सर्वांत नालायक झाडांस आईबाप केले होते.

२०१४च्या कार्तिकात ते उळे टाकले. उगवण उत्तम, रोप उत्तम, लागण वेळेवर. तिथी चुकली नव्हती. २०१५च्या माघाअखेर एके सकाळी शेतात गेलो तो सबंध तीन एकर दांड्यांनी भरलेले. आम्ही एक वाफा मोजला : चारांत एक झाड डेंगळ्याचे. पुढे अवकाळी पाऊस झाला तो निराळाच. डेंगळ्याचा कांदा मध्यभागी लाकडासारखा असतो, साठवणीस चालत नाही. काढल्याबरोबर मिळेल त्या दरास तो द्यावा लागला. जो चाळीत टाकला तोही आषाढापर्यंत निम्मा गेला. आणि त्याच वर्षी, २०१५च्या ऑगस्टमध्ये, लासलगावी उन्हाळ कांदा क्विंटलला पाच हजार रुपयांच्या वर गेला. गावात ट्रॅक्टर भरले जात होते. आमची चाळ झाडून ठेवलेली होती.

त्यानंतर काय झाले तेच सांगण्यासाठी आम्ही खरे तर उभे आहोत. मातोश्रींनी आपल्या तरुणपणी माहेरी, चांदवड तालुक्यातील आपल्या भावजयीस, मूठभर उळे दिले होते. ते घर ते बी त्याच रीतीने धरीत आले होते, आम्हांस त्याची वार्ताही नव्हती. २०१५च्या दसऱ्यानंतर मातोश्री स्वतः आमच्याबरोबर तेथे गेल्या. मामींनी चाळीतील कोपरा दाखविला, त्यातले तीस किलो कांदे आमच्या पदरात घातले, आणि पैशाचे नाव काढताच म्हणाल्या, ‘‘वन्सं, तुमचंच आहे ते. इतकी वर्षं आम्ही फक्त सांभाळलं.’’ परतीच्या वाटेवर मातोश्री आमच्याशी एक शब्द बोलल्या नाहीत. ते कांदे कार्तिकात लावले, २०१६च्या वैशाखात बी निघाले, त्याच वर्षी दिवाळीनंतर ते वाफ्यात पडले आणि २०१७च्या चैत्रात घरच्या बियाचा कांदा पुन्हा आमच्या चाळीत आला. मधल्या हंगामांत विकतचे बी होते. एक पोते विकल्यापासून पहिली चाळ भरेपर्यंत साडेतीन वर्षे गेली. २०१७च्या वैशाखात भाव पडलेला होता, श्रावणात चढला. या वेळी चाळीत माल होता.

येथे काहीजण म्हणतील की बाजारात सुधारित बी मिळत असता हा खटाटोप कशास? एन-२-४-१, भीमा शक्ती, भीमा किरण, अ‍ॅग्रिफाउंड लाइट रेड ही उन्हाळ्याची वाणे चांगली आहेत आणि खात्रीच्या संस्थेकडून ती जरूर आणावीत. ज्याच्या घरी बी नाही त्याने प्रारंभ त्यांपासूनच करावा. ही सरळ वाणे असल्याने त्यांचे बी पुढे घरी धरता येते. संकरित बियाचे मात्र धरू नये, पुढच्या पिढीत ते फाटते. परंतु टंचाईच्या वर्षी, जसे २०२० साली झाले, पाकिटात काय आहे हे पाकीट विकणारासही ठाऊक नसते. आणि पाकीट तुमच्या चाळीत सहा महिने राहिलेले नसते.

भावाविषयी आम्ही मुद्दामच थोडे बोललो. तो आपल्या हाती नाही. डिसेंबर २०२३ मध्ये निर्यात बंद झाली, मे २०२४ मध्ये चाळीस टक्के शुल्कासह उघडली, आणि १ एप्रिल २०२५ रोजी उरलेले वीस टक्के शुल्कही गेले. या तिन्ही वेळी आपणांस कोणी विचारले नाही. १९८० साली चाकणला कांद्यासाठी शेतकरी रस्त्यावर बसले, ते आंदोलन आपल्यातील काही वडीलधाऱ्यांस आठवत असेल. तो लढा लढावयाचा तेव्हा लढू. पण बियाचे पोते विकावयाचे की ठेवावयाचे, हे ठरविण्यास दिल्लीची परवानगी लागत नाही.

एक अडचण मात्र एकट्यादुकट्याने सुटणारी नाही, आणि ती मंडळापुढे ठेवावयाची आहे. कांद्याचे परागीकरण मधमाश्या करतात आणि मधमाशी बांध ओळखीत नाही. आपल्या गुंठ्यात उन्हाळ कांद्याचे गोंडे आणि शेजारच्या रानात लाल पावसाळी कांद्याचे, तर दोहोंचे बी भेसळीचे होते. शुद्ध बियासाठी दोन वाणांत किमान पाचशे मीटर, पायाभूत बियाण्यास हजार मीटर अंतर राखावे असे तज्ज्ञ सांगतात. आपल्या तुकड्या-तुकड्यांच्या शेतीत हे अंतर एका घरास साधणार कसे? आमच्याच गावी दोन सख्ख्या भावांचे यावरून वर्षभर बोलणे बंद होते. त्यासाठी एका शिवारातील पाच-दहा घरांनी मिळून ठरवावे लागते की या वर्षी या भागात गोंडे एकाच वाणाचे राहतील आणि फुलोऱ्यात कोणी कीटकनाशक मारणार नाही. असे ठरविताना आपल्या मंडळाबाहेरच्या शेजाऱ्यासही बोलवावे लागेल, आणि बोलवावे. मधमाशी त्याच्याही रानातून येते.

आमची सूचना अशी की मंडळाने प्रत्येक गावी एका घराकडे बियाच्या कांद्याचा कोपरा सोपवावा. दर दसऱ्यानंतर त्या घराने दुसऱ्या गावच्या किमान एका घरास दहा किलो कांदे द्यावेत, म्हणजे एका घरी आमच्यासारखा शहाणा निपजला तरी बी दुसरीकडे राहील. मोल घेऊ नये. दोन वर्षांनी तेवढेच कांदे परत घ्यावेत. कार्यकारिणीने यावर विचार करावा.

मातोश्री आता थकल्या आहेत; कोपऱ्यासमोर बसणे त्यांस होत नाही. यंदा कांदे आमच्या सूनबाई निवडणार आहेत आणि मातोश्री खाटेवरून एकेक कांदा हाती घेऊन पाहणार आहेत. दोघींच्या निवडीत मतभेद होतात. आतापर्यंत तरी चाळीने दोघींनाही आळीपाळीने खरे ठरविले आहे. ज्यांस पाहण्याची इच्छा असेल त्यांनी कोजागरीनंतरच्या रविवारी सकाळी यावे. कांदे पोत्यात नेऊ नयेत, दमट धरतात. टोपली ज्याची त्याने आणावी.